विहिरीचं पत्र

दिवस पुरता उजाडायच्या आत माय आणि बाबा भाजीच्या वाडीत गेलेले असत. आम्ही दोघी बहिणी उठून बाहेर यायचो तेव्हा ओसरीवर ओल्या सांबाराचा ढीग पडलेला असायचा. आमच्याकडे कोथिंबिरीला सांबार म्हणतात. त्याच्या जुड्या बांधायचं काम आमचं. ताई केळीच्या सोपटाची दोरी दातानं तोडायची आणि मी जुडीची मुळं एका रेषेत ठोकून घ्यायची. मागं विहिरीवरचा रहाट किरकिरत असायचा, कारण आमच्या मोहल्ल्यातल्या वीस-बावीस घरांचं पिण्याचं पाणी आमच्याच वाडीतून जायचं. बाया घागरी घेऊन यायच्या, मायशी दोन गोष्टी बोलायच्या, जाताना चार मिरच्या नाही तर एखादं वांगं उचलायच्या. माय काही म्हणायची नाही. वांगी, पालक, टमाटे, सांबार असं सगळं टोपल्यांत भरून बाबा बैलबंडी जुंपायचे आणि पवनारवरून वर्ध्याच्या बाजाराला निघायचे. बंडी गेली की घरात एकदम शांत व्हायचं. मग माय चुलीपुढं बसून आम्हाला भाकर आणि रात्रीची आंबाडीची भाजी वाढायची. तिची बोटं सांबारानं हिरवी झालेली असायची, आणि त्या हिरव्या बोटांनीच ती भाकर थापायची.

विहीर बाबांच्या वडिलांनी खोदली होती. गावातल्या दुसऱ्या दोन विहिरींचं पाणी खारं, आणि आमच्या विहिरीचं गोड. एवढ्या एका गोष्टीवर आमच्या घराची गावात इज्जत होती, असं आता मागं वळून पाहताना वाटतं. बाबा तसे कमी बोलणारे. उंच, वाळलेले, कानावर बिडी खोचलेले. पण कुणी पाहुणा आला की त्याला आधी विहिरीचं पाणी द्यायचे आणि तो पिऊन होईपर्यंत त्याच्या तोंडाकडं बघत राहायचे. त्यानं "गोड हाय" म्हटलं की मगच चहा ठेवायला सांगायचे.

ताईचं नाव मंदा. माझ्यापेक्षा पाच वर्षांनी मोठी. चौथीनंतर तिची शाळा सुटली, कारण मायला हाताखाली कुणी तरी पाहिजे होतं. तिला त्याचं वाईट वाटत होतं की नव्हतं, मला कळलं नाही. पण माझं पुस्तक तिला फार आवडायचं. संध्याकाळी ती डाळ शिजायला टाकून माझ्याजवळ येऊन बसायची आणि म्हणायची, "कुंदे, विंग्रजी वाच." मी वाचायची. तिला एक अक्षर समजायचं नाही, तरी ती मान डोलावत ऐकायची. एखादा लांबलचक शब्द आला की खूश होऊन हसायची, "पुन्हा म्हण, पुन्हा म्हण." तिचं लग्न समुद्रपूरकडच्या एका गावात झालं. भाऊजी स्वभावानं चांगले, घरी कापसाची शेती. पण तिथलं पाणी जड. पहिल्या दिवाळीला आली तेव्हा तिची एकच तक्रार होती, "माय, तिकडं डाळच शिजत नाई वो. दोन घंटे चुलीवर ठेवा, दाणा तसाच."

विहिरीवरून भांडण लागलं ते शेजारच्या पुंडलिककाकांशी. त्यांचं वावर आमच्या धुऱ्याला, म्हणजे बांधाला, लागून. भांडण मुळात धुऱ्याचं होतं, पण एक दिवस काका भर चावडीत बोलले, की याच्या विहिरीत भाजीचा गाळ जातो, शेणखताचं पाणी झिरपतं, अन् आपुन सारे तेच पिऊन राह्यलो. बाबांना ते फार लागलं. धुऱ्याचं बोलले असते तर त्यांनी दोन शिव्या देऊन सोडलं असतं. पण काकांनी खरंच सरकारात अर्ज केला, आणि संक्रांतीच्या सुमाराला एक साहेब जीपमधून आला. उन्हाची टोपी घातलेला, म्हातारा, मराठी तोडकं बोलणारा. त्यानं विहिरीत डोकावून पाहिलं, भोवती फिरला, नाल्याच्या बाजूला गेला. तिथं मोहल्ल्यातली माणसं सकाळी परसाकडं बसायला जायची. बाटलीत पाणी भरून त्यानं बूच लावलं. बाबांनी त्याला पाण्याचा गडवा पुढं केला. त्यानं हात जोडले आणि जीपमध्ये बसला. "तहान नसन त्याले," बाबा म्हणाले.

साहेबाचं पत्र होळीनंतर आलं. लांब खाकी लिफाफा, आत एकच कागद, टाइप केलेल्या तीन-चार ओळी, खाली सही. सगळं इंग्रजीत. पोस्टमननं ते बाबांच्या हातात दिलं तेव्हा ओसरीवर पाच-सहा माणसं जमली होती, आणि पुंडलिककाका धुऱ्यावर उभे राहून आमच्याकडंच पाहत होते. बाबांनी मला हाक मारली. मी नववीत होते. पवनारच्या शाळेत जायची, आणि आमच्या मोहल्ल्यात माझ्याएवढं इंग्रजी कुणाला येत नव्हतं. बाबांनी कागद माझ्या हातात दिला आणि म्हणाले, "वाच. मोठ्यानं वाच."

मी वाचलं. "दि वेल अँड इट्स सराउंडिंग्ज आर इन्सॅल्युब्रियस." पुढं होतं, "यू आर अॅडव्हाइज्ड टु टेक सूटेबल स्टेप्स." बाकी मजकूर क्रमांक आणि संदर्भ. माझा आवाज ओसरीभर घुमला. 

"म्हणजे काय?" बाबांनी विचारलं.

"पाहून सांगते," असं म्हणून मी आत गेले. बक्षिसात मिळालेला एक छोटा शब्दकोश माझ्याकडं होता. त्यात तो शब्द नव्हता. खूप शोधला. शेवटी 'इन' सोडून उरलेला भाग शोधला तर तो सापडला. सॅल्युब्रियस: आरोग्यदायक, प्रकृतीस मानवणारे, विशेषतः हवा किंवा ठिकाण. आणि त्याच आठवड्यात वैरागडे सरांनी वर्गात फळ्यावर दोन शब्द लिहिले होते, व्हॅल्युएबल आणि इनव्हॅल्युएबल. पहिला म्हणजे मौल्यवान. दुसऱ्याचा अर्थ काय, असं त्यांनी विचारलं. सगळा वर्ग म्हणाला, बिनकिमतीचा. सर हसले. म्हणाले, नाही, ज्याची किंमतच होऊ शकत नाही इतका मौल्यवान. 'इन' लागलं म्हणून प्रत्येक वेळी उलटं समजू नका. मला ते इतकं आवडलं होतं, की मी वहीत त्याखाली दोन रेघा मारल्या होत्या. त्या दिवशी ओसरीच्या आतल्या अंधारात शब्दकोश मांडीवर घेऊन मी तेच गणित मांडलं. आरोग्यदायक, आणि त्याला 'इन' लागलेलं. म्हणजे अतिशय आरोग्यदायक. पुढचं वाक्य सोपं होतं. सूटेबल म्हणजे योग्य, स्टेप्स म्हणजे पायऱ्या. वर्गातल्या चित्राच्या पुस्तकात जिन्याखाली तोच शब्द छापलेला होता.

मी बाहेर आले आणि सगळ्यांसमोर सांगितलं, "साहेबानं लिहिलं, का विहीर अन् आजूबाजूची जागा लई आरोग्यदायक हाय. अन् विहिरीले चांगल्या पायऱ्या बांधा, असा सल्ला देल्ला."

बाबांनी धुऱ्याकडं पाहिलं. पुंडलिककाका वळून चालू लागले होते. मग बाबांनी माझ्या डोक्यावर हात ठेवला, आणि बराच वेळ ठेवला. त्यांनी तसं त्याआधी कधी केलं नव्हतं. मायनं त्या दिवशी पाटोडीची भाजी केली, तर्री आलेली, आणि मला पहिली वाढली.

उन्हाळ्यात पाणी तळाला गेलं तेव्हा बाबांनी मिस्त्री लावला. विहिरीचा एका बाजूचा कठडा फोडला आणि काळ्या दगडाच्या अकरा पायऱ्या खाली उतरवल्या. दगड बाबांनी स्वतः बंडीतून आणला. काम झालं तेव्हा नारळ फोडला, मोहल्ल्यात गूळ-खोबरं वाटलं. बायांना फार सोय झाली. रहाट ओढायचं काम संपलं. थेट खाली उतरून घागर बुडवायची. पाय धुवायचे, भाजी विसळायची, पोरांना तिथंच अंघोळ घालायची. मीसुद्धा शाळेतून आले की सगळ्यात खालच्या पायरीवर पाय पाण्यात सोडून बसायची. पायऱ्या मी बांधल्या, असं मनातल्या मनात म्हणायची.

पाऊस लागल्यावर काय झालं, ते तेव्हा कुणाच्या ध्यानात आलं नाही. कठडा जिथं फोडला होता ती बाजू नाल्याकडची होती. नाला भरला, की जमिनीवरचं सगळं पाणी त्या फटीतून पायऱ्या उतरून विहिरीत जायचं. आधी कठडा होता म्हणून ते बाहेरून वळसा घालून निघून जायचं. पाणी गढूळ झालं. माय म्हणाली, पावसाळ्यात होतेच. लुगड्याचा पदर दुहेरी करून ती गाळून घ्यायची.

ताई आषाढात आली. सातवा महिना लागला होता, पहिलं बाळंतपण माहेरचं. भाऊजी एसटीनं तिला पवनारपर्यंत घेऊन आले, तिथून बाबांनी बंडीत गादी घालून आणलं. ती उंबऱ्यात आली, मायनं तिच्यावरून भाकरतुकडा ओवाळून टाकला. तिनं अजून पायही धुतले नव्हते. म्हणाली, "आधी पाणी दे, माय. आपल्या विहिरीचं." पूर्ण गडवा प्यायली. अर्धं पाणी हनुवटीवरून गळ्यात उतरलं, तरी थांबली नाही. मग ओठ पुसून म्हणाली, "पाच महिन्यांत पहिल्यानं पाणी पिल्यासारखं वाटलं." बाबा बैल सोडत होते. त्यांनी मान वर केली नाही.

दीड महिना ती आमच्याकडं होती, आणि तो दीड महिना मला आजही एकेक दिवस आठवतो. तिचे पाय सुजायचे, मी तेल लावायची. तिला गोळाकढी खायची इच्छा व्हायची, माय दिवसाआड करायची. संध्याकाळी मी इंग्रजी वाचायची. ते पत्र मी तिला वाचून दाखवलं होतं, तिला तो लांब शब्द फार आवडला होता. तो तिला नीट म्हणता यायचा नाही. 'सालूबरेस' म्हणायची आणि पोटावर हात ठेवून हसायची. "पोराले हेच नाव ठेवू," म्हणायची.

पोळ्याच्या आसपास तिला खाण्याची शिसारी यायला लागली. माय म्हणाली, दिवसांत होते असं. मग ताप आला, उतरला. मोहल्ल्यातल्या आणखी दोन घरांत माणसं पडली होती, पण तेव्हा कुणी एकाचं दुसऱ्याशी जोडलं नाही. एक दिवस सकाळी मी तिची वेणी घालत होते. तिनं मान मागं टाकून माझ्याकडं वर पाहिलं, आणि तिच्या डोळ्यांचं पांढरं हळदीसारखं पिवळं दिसलं. मी वेणी सोडून दिली. मायनं तिला उजेडात नेऊन नखं पाहिली, डोळे पाहिले आणि नुसतं "कावीळ" म्हणाली. गावातल्या एका म्हातारीनं मुळ्यांची माळ करून गळ्यात घातली. ती माळ रोज थोडी लांबत जाते, लांबली की कावीळ उतरली समजायचं. आम्ही रोज बोटांनी मोजायचो. माळ लांबत होती. खरं म्हणजे मुळ्या वाळत होत्या, आणि दोरा सैल पडत होता. माय तिला उसाचा रस पाजायची, ताक पाजायची, आणि वरून पाणी पाजायची. भरपूर पाणी पाज, असं सगळ्यांनी सांगितलं होतं.

सहाव्या दिवशी ताईनं मला ओळखलं नाही. मी तिच्याजवळ ताट घेऊन गेले तर म्हणाली, "कोनाची पोर हाय वो ही?" मायला वाटलं, थट्टा करते. मग ती दुपारीच झोपली आणि उठवलं तरी उठेना. नुसते डोळे उघडायची आणि मिटायची. बाबा शेजारी गेले. पुंडलिककाकांकडं नवी बैलजोडी होती. काकांनी लगेच बंडी जुंपली आणि स्वतः हाकत पवनारपर्यंत आले. तिथून टेम्पोनं वर्ध्याच्या मोठ्या दवाखान्यात.

डॉक्टरीणबाई तरुण होत्या. त्यांनी ताईच्या पापण्या वर करून पाहिल्या, पोट पाहिलं. नर्सला पटपट काही सांगितलं. मग मायकडं वळून विचारलं, "किती दिवस झाले? घरात आणखी कुणाला? पाणी कुठलं पिता?"

"घरचीच विहीर हाय, बाई," माय म्हणाली. तिच्या आवाजात त्या क्षणीसुद्धा थोडा अभिमान होता. "सरकारनं पास केलेली. पत्र हाय आमच्याजवळ." मग माझ्याकडं बोट दाखवून म्हणाली, "हिनं वाचलं."

डॉक्टरीणबाईंनी माझ्याकडं एकदा पाहिलं आणि त्या आत गेल्या. बाबा भिंतीकडं तोंड करून उभे होते.

पोर त्याच रात्री झालं. आठव्या महिन्याचं, मुठीएवढं, पण रडलं. ताई दुसऱ्या दिवशी दुपारी गेली. तिनं पोराला पाहिलं नाही. भाऊजी समुद्रपूरहून निघाले होते, त्यांची एसटी वाटेत बंद पडली. ते आले तेव्हा आम्ही तिला बाहेर आणलं होतं. ते दवाखान्याच्या पायऱ्यांवर बसून राहिले, आणि मग आम्हाला नाही, नर्सला विचारलं, "काऊन मेली?" नर्स म्हणाली, कावीळ, पोटुशी बाईला फार वाईट असते. पाण्यातून येते.

घरी आल्यावर पंधरा दिवस मी शाळेत गेले नाही. पोराला बकरीचं दूध कापसाच्या बोळ्यानं पाजायचं काम माझ्याकडं होतं. पण नर्सचं ते शेवटचं वाक्य माझ्या डोक्यातून जात नव्हतं. विहीर आरोग्यदायक होती. साहेबानं लिहिलं होतं. सोळाव्या दिवशी मी शाळेत गेले आणि मधल्या सुटीत वैरागडे सरांना गाठलं. कागदाच्या चिठ्ठीवर तो शब्द लिहून नेला होता.

सरांनी चष्मा कपाळावर घेऊन चिठ्ठी पाहिली. "अरे वा," म्हणाले. "हा कुठं सापडला तुला? हा फार साहेबी शब्द आहे. आरोग्याला घातक."

"घातक?" मी म्हटलं. "पण सर, 'इन' लागलं म्हणून उलटं समजू नये, असं तुम्ही..."

"तो अपवाद सांगितला होता, बाळ. इनव्हॅल्युएबलचा. एरवी 'इन' म्हणजे नाहीच." सर खुशीत होते. त्यांना असा प्रश्न कुणी विचारत नसे. ते सांगत राहिले. हा शब्द माणसाला लावत नाहीत, माणूस आजारी असला तर त्याला हा शब्द चालत नाही. हा जागेला लावायचा, हवेला लावायचा. ओल आलेलं घर, दलदलीचा प्रदेश, डासांची वस्ती. कधी कधी बदनाम मोहल्ल्यालाही लावतात, जिथं सभ्य माणसानं जाऊ नये. बोलण्यात कुणी वापरत नाही, लिहिण्यातला शब्द.

"मग घाण असंच काऊन नाई लिहीत, सर?"

सरांनी थोडा विचार केला. "घाण लिहिलं तर भांडण होतं," ते म्हणाले. "असं लिहिलं की कुणाला लागत नाही."

मी विचारलं, टेक सूटेबल स्टेप्स म्हणजे काय. सर म्हणाले, योग्य ती उपाययोजना करा. मग त्यांनी माझ्या तोंडाकडं पाहिलं आणि विचारलं, "का गं? कुठं वाचलंस हे?" मी म्हटलं, "असंच." घंटा झाली. मी वर्गात गेले, आणि इतिहासाचा पूर्ण तास पुस्तक उलटं धरून बसले. कुणी सांगितलं तेव्हा कळलं.

त्याच महिन्यात आरोग्य खात्याची माणसं आली, त्यांनी विहिरीत पांढरी भुकटी टाकली आणि कठड्यावर लाल रंगानं मराठीत लिहिलं: पिण्यास अयोग्य. दोन शब्द. शाळेत न गेलेल्या माणसालाही कुणी तरी वाचून दाखवलं तर समजावेत असे. मोहल्ल्यातली माणसं म्हणाली, पावसानं बिघडलं पाणी, पहिले चांगलं होतं, सरकारचंच पत्र होतं. कुणी माझ्याकडं बोट दाखवलं नाही. मला तेच सहन व्हायचं नाही. मायला सांगायचं, असं मी रोज ठरवायची. ती पोराला मांडीवर घेऊन बसलेली असायची, त्याच्या टाळूला तेल लावताना काही तरी पुटपुटायची. मी दारात उभी राहायची आणि परत फिरायची. एकदा तिनं विचारलं, "काय म्हन्तं, कुंदे?" मी म्हटलं, "काई नाई." पोर दीड वर्षाचं झालं तेव्हा भाऊजी येऊन घेऊन गेले. माय मेली तोवर मी तिला सांगितलं नव्हतं.

पुढं मी शिक्षिका झाले, जिल्हा परिषदेच्या शाळांत तीस वर्षं गणित शिकवलं. इंग्रजी घ्या म्हणून दोन मुख्याध्यापकांनी आग्रह केला, मी नाही म्हटलं. आजही कुणी इंग्रजी कागद वाचायला दिला, तर मी आधी चष्मा घरी राहिला असं सांगते. आता माझ्या नातीच्या फोनमध्ये तो शब्द टाकला की एक बाई तो गोड आवाजात म्हणून दाखवते, खाली अर्थ येतो, उदाहरणं येतात. नात इंग्रजी शाळेत जाते. एक दिवस तिनं मला एका इंग्रजी बातमीतलं, तोच शब्द असलेलं वाक्य वाचून दाखवलं, कुठल्या तरी शहरातल्या एका हॉटेलाबद्दलचं. गमतीनं लिहिलेलं होतं. ती हसली. मी उठून आत गेले. तिला वाटलं, आजीला कळलं नाही.

बाबा शेवटची चार वर्षं वर्ध्याला माझ्याकडं होते. माय गेल्यावर वाडी कसायला दिली होती. विहीर बुजली होती. एका दुपारी ताईचा मुलगा लग्नाची पत्रिका घेऊन आला. कारंज्याला हायवेवर त्याचं टायरचं दुकान, अंगानं भरलेला, ताईसारखाच मान मागं टाकून हसणारा. तो बाबांच्या पाया पडला, जेवला, आणि गाडीवरून निघून गेला. बाबा खाटेवर टेकून बसले होते. पत्रिका त्यांच्या हातात होती.

"कुंदा," ते म्हणाले, "दार लाव. बोलाचं हाय."

मी दार लोटलं आणि खाटेच्या पायथ्याशी बसले.

"त्या कागदाचं," ते म्हणाले. "विहिरीच्या. तुले आठोते का?"

मी मान हलवली.

"पायऱ्या झाल्यावर मी तो कागद बाजारात घेऊन गेलतो. अडत्याले दाखवाले. त्याचा पोरगा वकील. त्यानं वाचलं अन् म्हन्लं, काका, याच्यात त तुमची विहीर खराब हाय म्हून लिहिलं. पानी पिऊ नका." त्यांनी पत्रिकेची कड दुमडली. "ज्येष्ठाचा महिना होता. मंदा माहेरी याले महिना बाकी होता."

मी खाटेजवळ सरकले.

"त्या दिवशी मी भाजी न विकता वापस आलो. सांगाचं ठरवलं. पन नारळ फोडला होता, बाई. गूळ वाटला होता. पुंडलिक धुऱ्यावरून पाहे. म्या म्हन्लं, पावसाळ्याच्या आदी काई तरी करू. लाल औषध आनलं, तीन डाव पहाटे उठून विहिरीत टाकलं. मले वाटलं, झालं. मंदा आली त्या दिवशी पक्कं ठरवलं होतं, का तिले दुसऱ्या विहिरीचं पाजाचं. तिनं उंबऱ्यातच पानी मांगलं." त्यांनी पत्रिका खाली ठेवली. "मी बैल सोडत राह्यलो."

बाहेर रस्त्यावरून भंगारवाला ओरडत गेला.

"मले काऊन नाई सांगितलं, बाबा?" मी विचारलं. "ताई गेल्यावर तरी."

"तुले?" ते म्हणाले. "तुले कसं सांगू? तुले सांगितलं असतं त तुले समजलं असतं, का वाचताना चूक तुयी झालती. तू चौदा वर्साची. जलमभर तुया डोक्यात राह्यलं असतं. म्या म्हन्लं, एकट्याच्या डोक्यात राहू दे. तुया मायलेबी नाई सांगितलं, तिच्या तोंडून निघालं असतं." मग त्यांनी माझ्याकडं पाहिलं. त्यांच्या डोळ्यांत मोतीबिंदू होता, तरी ते माझा चेहरा शोधत होते. "आता जाचे दिवस आले म्हून सांगतलं. चूक तुयी नाई, माही हाय. तुले मालूम नव्हतं ना, कुंदा? कदी समजलं त नव्हतं?"

वैरागडे सरांची ती मधली सुटी, दारात उभं राहून मायकडं पाहणं, शाळेत नाकारलेलं इंग्रजी, हे सगळं माझ्या ओठांवर आलं होतं. एवढी वर्षं मी ज्याच्याजवळ ते बोलू शकले असते, असा एकच माणूस जगात होता आणि तो माझ्यासमोर बसला होता. त्यांचा हात खाटेच्या काठावर होता. मी तो धरला.

"नाई, बाबा," मी म्हटलं. "मले आजच समजलं."

त्यांनी श्वास सोडला. मग उशीवर डोकं टेकून डोळे मिटले. "मंग बरं झालं," ते म्हणाले. "मंग बरं झालं."